कंटिन्युटीचं काम शिकायचंय, सुरुवात कुठून करू?

मिरजेची_मी:
नमस्कार. बी.कॉम. झालंय, वर्षभर एका सीएंच्या ऑफिसात आहे. मालिकांच्या सेटवर पडद्यामागे काम करायची फार इच्छा आहे. ओळखीचे एक मेकअपदादा म्हणाले, ‘तुझं लक्ष बारीक आहे, कंटिन्युटी कर.’ हे नक्की काय असतं? एफटीआयआय (पुण्याची फिल्म इन्स्टिट्यूट) करावंच लागतं का?

हिरवा_चुडा:
अकरा वर्षं हेच करतेय. मालिकेत हे काम बहुतेकदा दिग्दर्शकाच्या एखाद्या सहायकाकडे असतं. एफटीआयआयला शिकलीस तर चांगलंच, पण त्यावाचून अडत नाही. मीही सेटवरच शिकले.

सीन क्रमाने शूट होत नाहीत. नायिका भिजून दारात येते ते मंगळवारी फिल्मसिटीत, आणि दिवाणखान्यात पाऊल टाकते ते शनिवारी ठाण्याच्या सेटवर. पडद्यावर मध्ये क्षणही जात नाही. छत्री कुठल्या हातात, पदर खोचलेला की मोकळा, केस किती ओले, हे तेव्हा तुला विचारणार. हे सगळं जुळतं ठेवणं म्हणजे कंटिन्युटी.

फोटो काढून कपडे-दागिने सांभाळता येतात. अवघड असते हालचाल. मास्टरमध्ये (सगळा सीन एकत्र दिसतो तो शॉट) सासूने ‘तुला’ म्हणताना कप उचलला आणि क्लोजमध्ये (जवळून घेतलेला शॉट) वाक्य संपल्यावर, तर एडिटरला तिथे कट मारता येत नाही. मी संवादाच्या कागदावर त्या शब्दाखाली रेघ मारते आणि लिहिते: ‘उ. हात, कप वर’.

पहिल्या वर्षी हळदीकुंकवाच्या सीनमध्ये माझी चूक झाली. जेवणाच्या सुट्टीत नायिकेने चुड्यातल्या दोन बांगड्या काढून ठेवल्या आणि मी बघितलंच नाही. चार क्लोज परत घ्यावे लागले. लाइटदादांनी एक शब्द न बोलता सगळे लाइट पुन्हा लावले, ते बघून मला रडू आलं. तेव्हापासून ब्रेकच्या आधी एक फोटो, नंतर एक.

आवाज_चालू:
मी साउंडला आहे. ताईंच्या वहीचा आम्हालाही फार आधार असतो. सीन झाला की सगळ्यांना अर्धा मिनिट गप्प उभं करून रूम टोन, म्हणजे त्या खोलीचा नुसता आवाज, रेकॉर्ड करून घेतो. पंखा सुरू होता की बंद, हे लिहिलेलं असलं की चार दिवसांनी उरलेला सीन करताना घोळ होत नाही. शूटला फ्रिज बंद करतो तेव्हा गाडीची किल्ली त्यातच ठेवतो, म्हणजे जाताना तो चालू करायचा राहत नाही.

मिरजेची_मी:
खूप आभार! पैसे आणि रात्रीच्या वेळेचं कसं असतं? घरी तीच काळजी आहे.

हिरवा_चुडा:
काळजी रास्त आहे. शिफ्ट बारा तासांची, पण लांबते. मालिकांत पेमेंट नव्वद दिवसांनी करायची पद्धत आहे, म्हणून तीन-चार महिन्यांचा खर्च हाताशी ठेवूनच मुंबईला ये. एका निर्मात्याकडे माझे दोन महिन्यांचे पैसे अजून अडकलेत, कारण सगळं तोंडी ठरलं होतं. रक्कम, दिवस, रात्री घरी सोडणारी गाडी, सगळं निदान व्हॉट्सॲपवर लिहून घे. गाडी मागताना संकोच करू नकोस.

आणि थेट मुंबई कशाला? कोल्हापूरची चित्रनगरी तुला जवळ आहे, तिथेही मालिकांचं शूटिंग होतं. मेकअपदादांना विचारून आठवडाभर एखाद्या सेटवर नुसती उभी राहा. मॉनिटरच्या मागे वही घेऊन कोणीतरी बसलेलं असेल, त्यांच्या शेजारी थांब.