वळिवड्याची छावणी
निर्वासित कायम गरीब देशांतून युरोपकडेच जातात, असं बऱ्याच जणांना वाटतं. पण आमच्या कोल्हापूरजवळच्या वळिवड्यात नेमकं उलटं घडलं होतं. १९४० पासून सोव्हिएत राजवटीने पोलंडच्या लाखो लोकांना सैबेरिया, कझाकस्तानात हद्दपार केलं. १९४१ च्या सोव्हिएत-पोलिश करारानंतर सुटलेल्यांपैकी काही हजार जण इराणमार्गे भारतात आले. वळिवड्यात १९४३ ते ४८ या काळात सुमारे पाच हजार पोलिश राहिले, त्यांत बायका-मुलंच जास्त. त्यांच्या शाळा होत्या, चर्च होतं, नाटकंही व्हायची. काही जण इथल्याच मातीत विसावले, त्यांच्या कबरी कोल्हापुरात आहेत.

यात सहसा न सांगितली जाणारी गोष्ट पुढची आहे. फाळणीनंतर त्याच जागी सिंधी निर्वासित आले आणि छावणीचं गांधीनगर झालं. आज आमच्याकडचे लोक लग्नाचा बस्ता बांधायला जातात ती कापडपेठ हीच. लहानपणी आईबरोबर तिथे कितीदा गेलो, पण ही पोलिश मुलांची खेळायची जागा होती हे मला कुणी सांगितलं नाही. शाळेतही नाही, याचं फार वाईट वाटतं.