ओसीडीत पद्धतीने फरक पडतो

मानसोपचारात "पद्धत कुठलीही असो, थेरपिस्टशी सूर जुळला की झालं" असं म्हणतात ते बऱ्यापैकी पटतं, आणि हा मुद्दा जुनाच आहे, अमेरिकन मानसशास्त्रज्ञ सॉल रोझेनझ्वाइग १९३६ मध्येच म्हणून गेलाय की वेगवेगळ्या पद्धतींनी गुण येतो त्यामागे त्यांच्यातल्या समान गोष्टी असतात. पण ओसीडीला (नको ते भीतीचे विचार सारखे येणं आणि ते शमवायला एकच कृती पुन्हापुन्हा करणं, हा आजार) हे सरसकट लावू नका. मी दीड वर्ष एका बाईंकडे जात होतो, माणूस म्हणून फार चांगल्या, सूर तर इतका जुळला की सेशनची वाट बघायचो, लहानपण, आजीचं सोवळंओवळं सगळं उकरून झालं, रडून झालं, आणि घरी आलो की परत पाऊण तास हात धुणं सुरू! कारण कळलं म्हणून धुणं थांबत नाही हो.

मग ईआरपी करणारे एक मिळाले (म्हणजे ज्याची भीती त्याला मुद्दाम सामोरं जायचं आणि नेहमीची कृती करायची नाही; ही पद्धत मानसशास्त्रज्ञ व्हिक्टर मेयरने १९६६ मध्ये दोन पेशंटवरून मांडली), ते फारसे बोलायचेही नाहीत. आधी भीतीची यादी, प्रत्येकीला शंभरपैकी मार्क, आणि सुरुवात कमी मार्कवाल्यापासून. माझं पहिलं काम काय, तर चपलेला हात लावायचा आणि न धुता बसून राहायचं. घाम फुटला, पण तासाभराने भीती आपोआप उतरली, हे मला कोणी नुसतं सांगून पटलं नसतं. तीनेक महिन्यांनी लोकलचा खांब धरून आलो आणि घरी नेहमीसारखे एकदाच हात धुऊन जेवायला बसलो. त्यामुळे ओसीडीसाठी शोधत असाल तर अपॉइंटमेंट घेतानाच विचारा, ईआरपी करता का.