बाळगोळी म्हणजे बाळगुटी नव्हे

मुंबईच्या गिरण्यांतील स्त्री-कामगारांविषयीच्या इंग्रजी लेखनात ‘बाला गोली’ (तान्ह्या बाळाला निजवण्यासाठी दिली जाणारी अफूची गोळी) असा शब्द येतो. त्याचे मराठीकरण ‘बाळगुटी’ असे करावे का, अशी विचारणा झाली आहे. माझ्या मते तसे करू नये, ‘बाळगोळी’ म्हणावे.

व्युत्पत्ती पाहिली तर दोन्ही शब्द सख्खे आहेत, कारण गुटी म्हणजे गुटिका आणि गुटिका म्हणजे गोळीच. व्यवहारात मात्र त्यांची केव्हाच फारकत झाली आहे. गुटी उगाळतात: सहाणेवर आईच्या दुधात हळकुंड, वेखंड, मुरडशेंग, हिरडा, जायफळ यांचे मोजून एक-दोन वळसे घ्यायचे आणि ते चाटण बोटाने बाळाच्या जिभेवर लावायचे. (जायफळानेही गुंगी येते, हा भाग वेगळा.) बाळगोळीला सहाण लागत नाही आणि उगाळत बसणारी बाईही लागत नाही, ती बाजारात तयार मिळणारी, अफू घातलेली गोळी होती.

राधा कुमार यांनी १९१९ ते १९३९ या काळातील मुंबईच्या गिरणीकामगार स्त्रियांवर १९८३ साली लिहिलेल्या अभ्यासलेखात कुटुंब आणि कारखाना यांचा एकत्र विचार केला आहे, आणि हा शब्द नेमका त्या दोहोंच्या सांध्यावरचा आहे. मुंबई सरकारने चौकशीसाठी नेमलेल्या डॉ. बार्न्स या स्त्री-डॉक्टरांनी १९२२ साली नोंदवले की कामावर जाणाऱ्या स्त्रियांच्या शंभरांतील ९८ बाळांना अफू दिली जाते. ही नोंद ‘अडाणी आयांची खोड’ म्हणून वाचणे सोपे आहे. परंतु त्याच वर्षीच्या सुधारित फॅक्टरी कायद्यानेही दिवसाला अकरा तास काम घेण्याची मुभा ठेवली होती, आणि बाळंतपणाच्या काळात पैसे मिळण्याचा कायदा मुंबई इलाख्यात १९२९ मध्ये झाला. भोंग्याच्या वेळेला बांधलेल्या बाईने तान्ह्याला निजवून जायचे, ते याच गोळीच्या भरवशावर. ‘बाळगुटी’ लिहिले की ही सगळी ओढाताण पुसली जाते आणि आजीच्या मायेचा वास तेवढा उरतो.

‘बाळकडू’ हा पर्यायही बाद, कारण तो आता संस्कारांच्या अर्थानेच वापरला जातो. नुसती ‘अफूची गोळी’ म्हटले तर ती बाळासाठी होती हे निसटते. म्हणून पहिल्या उल्लेखात ‘अफूची बाळगोळी’ आणि पुढे ‘बाळगोळी’ असे लिहावे. सोबत ‘उगाळणे’ हे क्रियापद कटाक्षाने टाळावे.