ताश्कंदहून चारवाक धरण, खाजगी गाइड घेऊन एका दिवसात: बाबांना धरण नीट बघायला मिळेल का?

घाटमाथा

नमस्कार मंडळी, सप्टेंबरमध्ये आईबाबांना घेऊन उझबेकिस्तानला चाललेय. ताश्कंदमध्ये चार दिवस आहोत, त्यातला एक दिवस चारवाकसाठी ठेवलाय. बाबा ७१ वर्षांचे, पाटबंधारे खात्यात ३१ वर्षं नोकरी झाली त्यांची, त्यामुळे समरकंद बुखारा वगैरे मी ठरवलं पण चारवाक त्यांनी स्वतःहून सांगितलंय, नकाशा काढून बसले होते. आईचे गुडघे दुखतात, फार चढउतार जमणार नाही.

आता अडचण अशी की ज्यांना ज्यांना विचारलं ते सगळे तीच ट्रिप सांगतात, सकाळी हॉटेलवरून पिकअप, चिमगान डोंगराचा रोपवे, मग जवळच्या आमिरसोय स्की रिसॉर्टचा रोपवे, तलावाच्या काठी जेवण आणि फोटो, संध्याकाळी परत. धरणाचं नाव ट्रिपच्या नावात आहे पण प्रत्यक्ष धरणापाशी किती वेळ थांबणार असं विचारलं की उत्तर येत नाही. खाजगी गाडी आणि गाइड घेतला तर पैसे बरेच जास्त लागताहेत, ते द्यायला माझी हरकत नाही, पण त्याने खरंच काही फरक पडतो का? की तेवढीच ट्रिप वेगळ्या गाडीतून? कुणी जाऊन आलं असेल तर प्लीज सविस्तर सांगा.

रानवाट

मी दोनदा गेलोय, एकदा ग्रुप बसने आणि एकदा खाजगी गाडीने, म्हणून दोन्हीचं सांगतो.

ग्रुपमध्ये आमचा अख्खा दिवस रोपवेच्या रांगेत आणि लोकांची वाट बघण्यात गेला. तलावापाशी पोचलो तेव्हा पाऊण तास होता हातात, तोही जेवणासकट. धरण बसच्या खिडकीतून दिसलं, ड्रायव्हरला थांब म्हटलं तर मान हलवली, पुढे गेला. कंपनीचं नाव घेत नाही कारण सगळेच असं करतात, त्यांचा कार्यक्रमच तसा बांधलेला असतो.

खाजगी घेतल्यावर फरक पडतो पण आपोआप पडत नाही हे लक्षात घ्या. गाडी तुमची झाली म्हणून रस्ता तुमचा होत नाही. गाइडला आधी बोलून सांगावं लागतं की आम्हाला एक रोपवे कमी चालेल पण धरण आणि तलाव याला निम्मा दिवस पाहिजे. हे पैसे द्यायच्या आधी लिहून घ्या, मेसेजवर का होईना. आणि दुसरं, ड्रायव्हर आणि गाइड वेगळे आहेत की एकच माणूस आहे ते विचारा. बऱ्याचदा 'गाइडसह' म्हणतात आणि येतो तो ड्रायव्हर, माणूस चांगला असतो पण त्याला रशियन आणि उझबेक येतं, मग बाबांचे प्रश्न कोण सोडवणार. ताश्कंदमध्ये हिंदी बोलणारे गाइड मिळतात, खरंच मिळतात, तिथल्या लालबहादूर शास्त्री केंद्रात हिंदी शिकवतात. बाबांसाठी हिंदी बोलणाराच मागा, इंग्रजीपेक्षा ते मोकळे बोलतील.

अंतर साधारण ८० किलोमीटर आहे, दीड ते दोन तास धरा. आईंसाठी आमिरसोयचा रोपवे घ्या, बंद केबिनचा आहे, आरामात बसता येतं. चिमगानचा जुना खुर्चीवाला आहे, चालता चालता पटकन बसायचं आणि उतरायचं असतं, गुडघे दुखत असतील तर नकोच.

सांडवा

वडील खात्यातले आहेत हे वाचून लिहायला बसलो, मीही त्याच खात्यातला, निवृत्त होऊन आठ वर्षं झाली. चारवाक बघून आलोय.

त्यांना आधीच एवढं सांगा की हे कोयनेसारखं काँक्रीटचं धरण नाही. माती आणि दगडाच्या भरावाचं आहे, मधे चिकणमातीचा गाभा, म्हणजे आपण ज्याला हार्टिंग म्हणतो ते, आणि दोन्ही अंगांना दगडाचा भराव. आपल्याकडे मातीची धरणं म्हटलं की लांबच लांब आणि बुटकी डोळ्यासमोर येतात, हे मात्र १६८ मीटर उंच आहे. कोयना १०३ मीटर. मातीदगडाचं काम एवढ्या उंचीला नेलेलं प्रत्यक्ष बघितलं तेव्हा मी बराच वेळ काही बोललो नाही. खालच्या बाजूचा उतार बघा म्हणावं, दरी अरुंद आहे त्यामुळे उंची जास्तच जाणवते.

साठा २ अब्ज घनमीटर, म्हणजे आपल्या भाषेत ७० टीएमसी. कोयनेच्या १०५ च्या दोन तृतीयांश. चत्काल, प्स्केम आणि कोकसू अशा तीन नद्या तलावात येतात आणि खाली चिर्चिक म्हणून बाहेर पडते. काम १९६३ ला सुरू झालं, आणि मधे १९६६ च्या एप्रिलमध्ये ताश्कंदचा मोठा भूकंप झाला, शहर पार उद्ध्वस्त झालं. अशा मुलखात भरावाचं धरण बांधण्यात अर्थ आहे, भराव थोडा दबतो, सरकतो, जुळवून घेतो, काँक्रीटला तडा जातो तसं त्याचं होत नाही. अर्थात गाभा आणि फिल्टर, म्हणजे गाभ्याची माती वाहून जाऊ नये म्हणून घातलेले वाळूखडीचे थर, नीट केलेले असतील तरच, हे वडिलांना सांगायची गरज नाही.

आणखी एक, आपलं गणित तिथे उलटं आहे. आपल्याकडे पावसाळ्यात धरण भरतं आणि मे महिन्यापर्यंत उतरतं. तिथे पाणी बर्फाचं. डोंगरावरचा बर्फ वितळायला लागला की तलाव चढतो, ऐन उन्हाळ्यात सगळ्यात भरलेला असतो, मग शेतीला आणि विजेला सोडत सोडत उतरतो, वसंत ऋतूच्या तोंडावर तळ गाठतो. सप्टेंबरमध्ये जाताय म्हणजे पाणी उतरायला लागलेलं असेल, काठाला फिकट मातीचा पट्टा दिसेल. फोटोवाले त्याला नावं ठेवतात. मला तो पट्टाच बघायला आवडतो, धरण वापरात आहे हे त्यातून कळतं.

वीजघर ६०० मेगावॅटच्या वर आहे, आणि खाली खोजिकेंत, गझलकेंत अशी एकाखाली एक वीजघरं, तेच पाणी पुन्हा पुन्हा वापरतात. जाताना रस्ता त्याच खोऱ्यातून जातो, गाइडने दाखवलं नाही तर कळतही नाही.

दोन_पिशव्या

वरती सगळं आलंय, मी फक्त खाण्यापिण्याचं सांगते. तुम्ही शाकाहारी असाल तर गाइडला आदल्या दिवशीच सांगा, तलावाकाठच्या ठिकाणी सगळं मांसाचंच असतं. नान, टोमॅटो कांद्याची कोशिंबीर, फळं आणि चहा यावर आमचं छान भागलं पण गाइडने आधी फोन करून ठेवला होता म्हणून. रस्त्यात कुर्त विकायला असतात, सुकवलेल्या दह्याच्या गोळ्या, खूप खारट, आईंना बीपी असेल तर जपून. आणि येताना किंवा जाताना खोजिकेंतला जुनी चिनारची झाडं आहेत तिथे थांबा, आई बसून राहतील आनंदाने.

पाण्यात उतरू नका प्लीज. वर ऊन असतं पण पाणी बर्फाचं, आणि काठापासून दोन पावलांवर एकदम खोल होतं.

घाटमाथा

किती छान लिहिलंत सगळ्यांनी, बाबांना वाचून दाखवलं. सांडवा, बाबांनी विचारलंय की धरणमाथ्यावर चालता येतं का.

सांडवा

नाही, त्याची आशा ठेवू नका. पहारा असतो, आणि धरणाचे, वीजघराचे जवळून फोटो काढायला गेलात तर कुणीतरी हटकणारच. आपल्याकडेही मोठ्या धरणांवर तेच आहे, वडिलांना माहीत आहे. वरच्या रस्त्यावरून मात्र धरण आणि तलाव दोन्ही दिसतात, तिथे गाडी बाजूला घेऊन थांबायला सांगा. दुर्बीण न्या. घरात असेल तर खरंच न्या.

घाटमाथा

काल रात्री परत आलो, आज लिहितेय कारण तुम्ही सगळ्यांनी एवढा वेळ दिलात.

हिंदी बोलणारा गाइड मिळाला, तरुण मुलगा, आईला 'माँजी' म्हणत होता. आधी मेसेजवर ठरवून घेतलं होतं तरी सकाळी गाडीत बसल्यावर त्याने पुन्हा तेच सुरू केलं, पहिले चिमगान, मग आमिरसोय, मी मेसेज काढून दाखवला तेव्हा म्हणाला हाँ हाँ, ठीक है. नंतर मग काही त्रास नाही. चिमगान लांबूनच बघितला, ३३०९ मीटरचा तो मोठा डोंगर, शेंड्याला बर्फ नव्हता. आमिरसोयला आईला वर नेऊन आणलं, तिला ते फारच आवडलं. चिनाराखाली तिने अर्धा तास चहा घेतला.

धरणाच्या वरच्या वळणावर गाडी थांबवली तेव्हा साडेबारा झाले असतील. बाबा कठड्याला टेकून उभे राहिले, दुर्बीण लावली आणि मग बराच वेळ काही बोललेच नाहीत. सांडवा, तुम्ही म्हणालात तो पट्टा दिसला, अगदी स्पष्ट, डोंगराच्या पायाला सगळीकडून कुणीतरी पांढरट रेघ ओढल्यासारखा. बाबांनी हाताचा अंगठा समोर धरून काहीतरी मोजलं आणि म्हणाले, बरंच पाणी दिलंय यांनी या वर्षी.

मग त्यांनी गाइडला विचारलं की खाली गावं होती का. मला वाटलं हा आता ठरलेलं काहीतरी सांगेल. तो म्हणाला, होती, माझ्या आजीचं घर तिथे होतं, आणि हाताने तलावाच्या पलीकडच्या बाजूला दाखवलं, डोंगर आत वळतो तिथे. आजीला जर्दाळूची झाडं आठवायची म्हणे, घराचं फारसं बोलायची नाही, झाडांचं बोलायची. बाबांनी त्याला विचारलं, जमीन कुठे दिली, किती दिली, पाण्याची सोय होती का. एकेक प्रश्न नीट विचारत होते. त्याला सगळं माहीत नव्हतं, जेवढं माहीत होतं तेवढं सांगितलं. बाबांनी नोकरीत धरणग्रस्तांच्या याद्या केल्यात, गावोगाव नोटिसा घेऊन गेलेत, घरी त्याबद्दल कधी बोलले नाहीत. तिथे त्या रस्त्यावर त्या मुलाशी बोलले. तासभर. हिंदीत, मधे मधे मराठीत, आणि त्याला कळत होतं असं वाटलं.

आई गाडीत बसून होती, ती म्हणाली बोलू दे त्यांना, घाई करू नकोस.

फोटो एकच काढला, तलावाचा, धरणाकडे पाठ करून. येताना बाबांनी ड्रायव्हरला खोजिकेंतपाशी पुन्हा थांबायला लावलं, खालच्या वीजघराचं बाहेर पडणारं पाणी बघायचं होतं. थंडगार हिरवट पाणी, आवाज मोठा.

पैसे जास्त लागले ते खरंय, पण ग्रुपमध्ये हा एक तास मिळाला नसता. गाइडचा नंबर इथे टाकत नाही, कुणाला हवा असेल तर व्यनि (व्यक्तिगत निरोप) करा, त्याला विचारून देते. आणि सांडवा, बाबांना तुमच्याशी बोलायचंय, त्यांनी फिल्टरबद्दल काहीतरी लिहून ठेवलंय वहीत, मला समजत नाहीये. चालेल का?

सांडवा

चालेल काय, वाट बघतो. संध्याकाळी सातनंतर कधीही. वही घेऊनच बसायला सांगा त्यांना.