ओम्सी २ : नवा नकाशा उघडतो, पण घरे गायब आणि पाटी कोरी

प्रश्न (बसप्रेमी_सातारा) :
नमस्कार. ओम्सी २ या बस चालवण्याच्या संगणक खेळातला मूळचा बर्लिन-स्पांडाऊचा नकाशा आणि त्यावरच्या एमएएनच्या दुमजली बस माझ्याकडे उत्तम चालतात. नुकताच मी एका हौशी निर्मात्याने विनामूल्य दिलेला जर्मन गावाचा नकाशा बसवला. तो उघडतो, पण रस्त्याकडेची निम्मी घरे आणि काही थांबे दिसत नाहीत. शिवाय वेगळी उतरवून घेतलेली बस तिथे आणली, तर तिच्या समोरच्या पाटीवर एकही ठिकाण उमटत नाही. दोष नकाशात असेल का? आणि सगळे जुळून आले, की संपूर्ण फोल्डर झिप करून मित्रांना दिले तर चालेल का?

उत्तर १ (नकाशेवाला) :
नकाशात घरे साठवलेली नसतात. कोणती वस्तू कोणत्या फाइलमधून घेऊन कुठे उभी करायची, एवढीच नोंद त्यात असते. ती फाइल 'सीनरीऑब्जेक्ट्स' फोल्डरात नेमक्या त्याच नावाने मिळाली नाही, तर ती जागा मोकळी राहते. रस्त्यांचे तेच, फक्त त्यांचे फोल्डर 'स्प्लाइन्स'. नकाशा एकदा उघडून खेळ बंद करा आणि मुख्य फोल्डरातली लॉगफाइल वाचा, कारण न सापडलेल्या फाइलींची नावे तिथे मिळतात. झिप उघडताना सीनरीऑब्जेक्ट्सच्या पोटात दुसरे सीनरीऑब्जेक्ट्स तयार झाले नाही ना, हे आधी पाहा. बहुतेकांचे घोडे तिथेच अडते.

उत्तर २ (लाल_डबा) :
पाटीचे कारण निराळे आहे. अंतिम थांबे, त्यांचे सांकेतिक क्रमांक आणि थांब्यांची नावे हॉफ फाइलमध्ये असतात आणि बस ती स्वतःच्याच फोल्डरातून वाचते. म्हणून नकाशाबरोबर आलेली हॉफ फाइल त्या बसच्या फोल्डरात ठेवा, बस उभी करताना त्या हॉफ फाइलचाच डेपो निवडा आणि मग इबिस यंत्रावर (चालकासमोरचे, मार्ग व ठिकाण भरायचे यंत्र) क्रमांक टाका. जुन्या बसमध्ये फिरत्या पट्ट्याची पाटी असेल, तर त्या पट्ट्याची चित्रेही वेगळी लागतात.

उत्तर ३ (नकाशेवाला) :
झिपबद्दल माझे मत स्पष्ट आहे : देऊ नका. एका नकाशात अनेकांनी घडवलेली घरे, झाडे, सिग्नल असतात आणि त्यांतले बरेच जण परवानगीशिवाय पुनर्वितरण करू देत नाहीत. नकाशाबरोबरच्या माहितीपत्रकात वस्तूंऐवजी दुव्यांची लांबलचक यादी येते ती यामुळेच. ती यादी कंटाळवाणी आहे हे मान्य, परंतु फुकट मिळणाऱ्या या कामाचा मोबदला म्हणजे निर्मात्याचे नाव, आणि आयत्या गठ्ठ्यात नेमके तेच पुसले जाते.

बसप्रेमी_सातारा :
दोघांचे मनापासून आभार. पाटी उजळली आणि घरेही बरीचशी परतली. लॉगफाइलमध्ये आता उरलेली नावे एकाच विकतच्या ॲड-ऑनमधली (खेळाला जोडायच्या जादा भागातली) दिसतात. मित्रांना नकाशाचे मूळ पान आणि हॉफ फाइल कुठे ठेवायची ते लिहून पाठवतो.

उत्तर ४ (लाल_डबा) :
ते ॲड-ऑन नसले तरी मार्ग चालवता येईल, फक्त तेवढ्या जागा रिकाम्या दिसतील. विकत घ्यायचे असेल, तर सवलतीची वाट पाहावी.