हॉलच्या भिंतीला ब्रिक टाइल्स स्वतः लावल्यात का कोणी?

टीव्हीमागच्या 10 बाय 8 च्या भिंतीला विटांसारख्या क्लॅडिंग टाइल्स लावायच्यात, मिस्त्री एवढ्याशा कामाला येत नाही म्हणून म्हटलं आपणच करू. पुट्टी आणि पेंट आहे, त्यावरच चिकटवलं तर चालेल ना?

उत्तर १: अजिबात नको!! टाइल पुट्टीला धरते पण पुट्टी भिंत सोडते, आमची वरची ओळ दोन महिन्यांत पापुद्र्यासकट खाली आली. प्लास्टरपर्यंत खरवडा, टाचे मारा (छिन्नीने खाचा पाडा), धूळ झाडा मगच टाइल अॅडेसिव्ह. आणि सोफा आधी झाका (बायको अजून ऐकवते).

उत्तर २: बरोबर. पहिली ओळ सरळ यायला स्कर्टिंगच्या (भिंतीच्या तळाच्या पट्टीच्या) भरवशावर राहू नका, फरशी क्वचितच लेव्हलला असते, लेव्हल लावून रेघ मारा. दोन-तीन खोक्यांतल्या टाइल्स मिसळून लावा नाहीतर रंगाचे पट्टे दिसतात. सांधा 10 मिमी, ग्राउट (सांध्यात भरायचा मसाला) दुसऱ्या दिवशी, केकच्या आयसिंगला करतात तसा पिशवीचा कोन करून त्यातून भरायचा, टाइलवर सांडलं तर लगेच ओलं फडकं मारू नका, पसरतं, जरा सुकलं की कोरड्या ब्रशने झाडा.

प्रश्नकर्ता: बापरे, खरवडायचं डोक्यातच नव्हतं. स्विचबोर्डपाशी कापायला ग्राइंडर लागेल?

उत्तर २: हो, डायमंड ब्लेड लावून. आधी एमसीबी (विजेचा सेफ्टी स्विच) बंद करा, आणि गॉगल घाला.