शेअर्ड डीएलएल (अनेक प्रोग्राम मिळून वापरतात ती फाइल) काढू की राहू देऊ?

प्रश्न (कृषी केंद्र, दारव्हा):
राजेहो, दुकानातल्या कॉम्प्युटरवरून स्टॉकचं जुनं सॉफ्टवेअर काढून राहिलो. मधातच खिडकी आली: ही शेअर्ड फाइल आता कोणताच प्रोग्राम वापरत नाही, काढायची का? नाव एमएसव्हीसीपी१४०.डीएलएल, फोल्डर सिसवॉव६४. बिलाचं सॉफ्टवेअरही याच मशीनवर आहे. मृग तोंडावर आला, बियाण्याच्या पक्क्या पावत्या अडल्या तर शेतकऱ्याले रिकाम्या हातानं परत पाठवा लागन. खिडकी तशीच उघडी आहे. काय दाबू?

उत्तर १:
भाऊ, ‘नाही’ दाबा. विंडोजच्या रजिस्ट्रीत (सेटिंगच्या नोंदवहीत) शेअर्डडीएलएल्स नावाखाली, फाइल किती प्रोग्राम वापरतात त्याची मोजणी असते. सॉफ्टवेअर टाकलं की आकडा एकनं वाढते, काढलं की घटते; शून्य झाला की हा प्रश्न येते. पण मोजणी न वाढवता फाइल वापरणारे प्रोग्राम असतातच, म्हणून त्या शून्यावर भरवसा नाही. फाइल राहिली तर काहीच बिघडत नाही. गेली अन् बिलाचं सॉफ्टवेअर तिच्यावरच चालत असलं, तर ते उघडणार नाही.

उत्तर २:
६४-बिट विंडोजमध्ये ३२-बिट फाइली सिसवॉव६४ मध्ये राहतात, ६४-बिटच्या सिस्टम३२ मध्ये. नावं उलटी वाटतात, पण तसंच आहे. कधी ‘डीएलएल सापडत नाही’ आलं तर भलत्या साइटवरून सुटी फाइल उतरवू नका. मायक्रोसॉफ्टचं व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल (ह्या फाइली बसवणारं पॅकेज) टाका, एक्स८६ (३२-बिट) अन् एक्स६४ (६४-बिट) दोन्ही.

प्रश्नकर्ता:
‘नाही’ दाबलं. बिल उघडलं, कपाशीच्या बियाण्याची पावती निघाली. रीडिस्ट्रिब्युटेबल पेन ड्राइव्हवर घेऊन ठेवतो, पावसात इकडं नेटचा नेम नाही.